शिडाच्या संशोधन-जहाजावर दिवसभर चालतं काय?

सोलापुरात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असलेल्या एका मुलीने चार गोष्टी विचारल्या आहेत. समुद्राच्या संशोधनासाठी अजूनही शिडाची जहाजं वापरतात का? इंजिनाची एवढी मोठी जहाजं असताना ती कशाला लागतात? त्यांच्यावर माणसं दिवसभर नेमकं करतात काय? आणि जिने समुद्र फक्त गणपतीपुळ्याच्या सहलीत पाहिला, तिला तिथे जागा मिळेल का?

हो, वापरतात. बाकीच्या तीन प्रश्नांत मी आधी दिवसभराच्या कामाचं सांगतो, कारण जहाजावर काय चालतं ते कळलं की शीड कशाला आणि तुला जागा आहे का, हे दोन्ही आपोआप उलगडतं.

मी सोलापूरचाच. वडील अक्कलकोट रस्त्यावरच्या एका कारखान्यात मागावर चादरी विणायचे. मी शिक्षण अर्धवट सोडून मालवाहू जहाजांवर खलाशी म्हणून लागलो. पुढे परदेशी झेंड्याच्या एका दोन डोलकाठ्यांच्या शिडाच्या संशोधन-जहाजावर अकरा वर्षं काढली. आधी डेकवर होतो. नंतर शास्त्रज्ञांची उपकरणं पाण्यात सोडायची, वर काढायची, नीट ठेवायची, हे काम माझ्याकडे आलं. आता जुळे सोलापुरात राहतो. खाली लिहिलेलं बरंचसं हातांनी केलेलं आहे, त्यामुळे यंत्रांपेक्षा दोर आणि वह्या जास्त येतील.

जहाज रात्री झोपत नाही. माणसांच्या तीन तुकड्या करतात आणि प्रत्येक तुकडी चार तास कामावर, आठ तास सुट्टीवर असते. याला वॉच म्हणतात. माझी बहुतेक वर्षं 'बारा ते चार'च्या वॉचमध्ये गेली, म्हणजे दुपारी बारा ते चार आणि पुन्हा मध्यरात्री बारा ते पहाटे चार. वॉचमध्ये एक जण सुकाणूवर, एक जण पुढे नाळेवर नजर ठेवून, दोघं प्रयोगशाळेत आणि एक जण फेरीवर असतो. फेरीवाला दर तासाला अख्खं जहाज पायाखाली घालतो. तळात पाणी साठलंय का, जनरेटर नीट चालतोय का, नमुने ठेवलेल्या फ्रीझरचं तापमान उणे ८० वर आहे का, कुठला दोर घासतोय का, दिवे लागलेत का. वर आला की लॉगमध्ये ओळ भरायची: वेळ, जहाजाची जागा, दिशा, वेग, वारा कुठून आणि किती, ढग, हवेचा दाब, समुद्राच्या पृष्ठभागाचं तापमान, खोली. तासाला एक ओळ, दिवसाला चोवीस. फेरी चाळीस दिवसांची असेल तर जवळजवळ हजार ओळी होतात.

त्या हजारांतली एक ओळ मी खोटी लिहिली होती. ते आधी सांगतो.

उत्तर अटलांटिकमध्ये, अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून दूर, आम्ही गल्फ स्ट्रीम ओलांडत होतो. दक्षिणेकडून कोमट पाणी घेऊन वर येणारा हा मोठा प्रवाह. त्याची उत्तरेकडची कड इतकी ठळक असते की तिला भिंतच म्हणतात. काही मैलांत पाणी पाच-सात अंशांनी थंड होतं, आणि दिवसा बघितलं तर रंगही निळ्याचा हिरवा झालेला दिसतो. जहाजाच्या पोटात पाणी सतत खेचून तापमान आणि क्षारता आपोआप नोंदवणारं यंत्र होतं, पण त्या फेरीत ते बंद पडलं होतं. म्हणून जुन्या पद्धतीने बादली. कॅनव्हासची बादली दोराने पाण्यात सोडायची, भरून वर घ्यायची, वाऱ्या-उन्हापासून आडोशाला धरायची आणि मिनिटाच्या आत थर्मामीटर वाचायचा. वेळ गेला की बादलीतून बाष्पीभवन होतं आणि आकडा खाली येतो.

रात्रीचे दोन. पाऊस आडवा मारत होता. एक वाजता मी २५.६ लिहिलं होतं. दोनला बादली न टाकता पुन्हा २५.६ लिहिलं. तीनला दुसऱ्या मुलाने इमानाने बादली टाकली आणि तो १९.८ असा ओरडतच वर आला. सकाळी शास्त्रज्ञ बाई लॉग घेऊन माझ्यासमोर बसल्या. चिडल्या नाहीत. एवढंच विचारलं, "भिंत दोनच्या आधी आली की नंतर? हे फक्त तुम्हालाच माहीत असणार." मला माहीत नव्हतं. मी खरं सांगितलं. त्यांनी २५.६ वर एक सरळ रेघ मारली, खालचा आकडा वाचता येईल अशी. शेजारी 'घेतलं नाही' असं लिहिलं आणि माझी सही घेतली. लॉगमध्ये खोडरबर चालत नाही. चूकही दिसत राहिली पाहिजे, असा नियम आहे. ते पान कुठल्यातरी कपाटात आजही असेल, माझ्या सहीसकट.

त्या सकाळपासून माझं मत पक्कं झालं. शिडाचं संशोधन-जहाज म्हणजे मुळात एक नोंदवही आहे, शिडं आणि दोर ती पाण्यावर तरंगत ठेवण्यासाठी आहेत. एकच गोष्ट, त्याच पद्धतीने, थंडीपावसात, कुणी बघत नसताना मोजत राहणं, हे तिथलं काम. त्याचं फळ कधी कधी मोजणारा गेल्यावर मिळतं.

चॅलेंजर या ब्रिटिश जहाजाचं उदाहरण घे. १८७२ ते १८७६. वाफेचं इंजिन होतं, पण दोन ठिकाणांमधला प्रवास बहुतांशी शिडांवर व्हायचा आणि वाफ राखून ठेवली जायची ती समुद्रतळ खरवडून नमुने काढताना, खोली मोजताना जहाज एका जागी धरायला. ६८,८९० सागरी मैल, ३६२ ठिकाणी थांबून मोजमाप. तागाच्या दोराला थर्मामीटर बांधून खोल सोडायचे आणि आकडा वहीत लिहायचा. त्या खलाशांना कंटाळा आला असणारच. पण २०१२ मध्ये शास्त्रज्ञांनी त्याच वह्यांतले आकडे आजच्या तरंगकांच्या, म्हणजे समुद्रात आपोआप खालीवर करत मोजणाऱ्या यंत्रांच्या, आकड्यांशी ताडून पाहिले. पृष्ठभागाचं पाणी सरासरी ०.५९ अंशांनी आणि ७०० मीटरपर्यंतचं पाणी सरासरी ०.३३ अंशांनी तापलेलं निघालं. सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वीचा समुद्र आपल्याला पुन्हा मोजता येत नाही. त्यांनी मोजून ठेवला होता म्हणून तुलना झाली.

दुसरं मला फार प्रिय असलेलं जहाज कार्नेगी. १९०९ मध्ये अमेरिकेत बांधलेलं, पृथ्वीचं चुंबकत्व मोजण्यासाठी. होकायंत्राला जहाजाच्याच लोखंडाने चकवू नये म्हणून लोखंड जवळजवळ वापरलंच नाही. लाकूड, तांबं, काशाचे बोल्ट, नांगरसुद्धा काशाच्या जातीच्या मिश्रधातूचे. या जहाजाने हवेतल्या विजेच्याही नोंदी घेतल्या. स्वच्छ हवामानात समुद्रावरच्या हवेत जो विद्युत ताण असतो, तो दिवसभरात कमीजास्त होतो. जहाज कुठल्याही महासागरात असो, स्थानिक वेळ काहीही असो, तो ताण ग्रीनविचच्या संध्याकाळी सातच्या सुमारास सर्वात जास्त भरतो. आपल्याकडे तेव्हा मध्यरात्रीचे साडेबारा झालेले असतात. म्हणजे अख्ख्या पृथ्वीचं मिळून एक विजेचं चक्र आहे आणि जगभरातली गडगडाटी वादळं ते चालवतात. जमिनीवर धूळ-धुराने हे झाकलं जातं, समुद्रावर उघड दिसलं. त्या आलेखाला आजही कार्नेगी वक्र म्हणतात. जहाज १९२९ च्या नोव्हेंबरमध्ये सामोआतल्या अपिया बंदरात पेट्रोल भरताना स्फोट होऊन जळालं. कप्तान ऑल्ट त्यात गेले. वक्र राहिला.

आणि तुझ्याच वयाच्या मुलांनी केलेलं काम सांगायचं तर प्लास्टिकचं. अमेरिकेतल्या वुड्स होलजवळच्या एका शिक्षणसंस्थेची वेस्टवर्ड आणि कॉर्विथ क्रेमर ही शिडाची जहाजं कॉलेजच्या मुलांना घेऊन अटलांटिक आणि कॅरिबियनमध्ये फिरायची. एक मीटर रुंद, अर्धा मीटर उंच तोंडाची, मिलिमीटरच्या एक तृतीयांश छिद्रांची जाळी पृष्ठभागावरून साधारण एक सागरी मैल ओढायची. मग चिमट्याने एकेक तुकडा वेचून मोजायचा. १९८६ ते २००८, बावीस वर्षं. ६,१०० हून अधिक वेळा जाळी ओढली आणि ६४,००० हून अधिक प्लास्टिकचे तुकडे हातांनी वेचले. समुद्रातलं प्लास्टिक कुठे गोळा होतं याचा इतका लांब पल्ल्याचा पुरावा तेव्हा दुसऱ्या कुणाकडे नव्हता. जाळी ओढायचा वेग दोन नॉट्स, म्हणजे चालत्या माणसाएवढा. शिडाचं जहाज या वेगाने सहज चालतं.

आता उपकरण पाण्यात सोडायचं कसं ते पाहू, कारण शिडाची खरी कसोटी तिथे लागते. भर समुद्रात इंजिन न लावता जहाज थांबवायचं असतं. पुढच्या डोलकाठीवरची चौकोनी शिडं अशी वळवतात की वारा उलट बाजूने भरतो आणि जहाजाला मागे रेटतो. मागच्या डोलकाठीवरचं शीड त्याच वाऱ्याने पुढे रेटत असतं. दोघांची ओढाताण बरोबरीत सुटली की जहाज जागच्या जागी डुलत राहतं आणि वाऱ्याबरोबर हळूहळू आडवं सरकतं. उपकरणाची तार नेहमी वाऱ्याच्या बाजूने सोडायची. मग जहाज तारेपासून दूर सरकतं. दुसऱ्या बाजूने सोडली तर जहाज तारेवर चढतं आणि तार तळाखाली जाते. मी हे एकदा होताना पाहिलंय. तार सोडवायला सहा तास लागले होते.

तार कधीच सरळ खाली जात नाही. प्रवाह आणि जहाजाचं सरकणं यांनी ती तिरपी होते. तिरपेपण ३० अंश असेल आणि १,००० मीटर तार सोडली असेल, तर तार सरळ रेषेत धरली तरी टोक ८६६ मीटरवरच असतं. म्हणून कोन मोजून तोही लिहायचा. तारेवर ठरावीक अंतरावर बाटल्या बांधलेल्या असतात, दोन्ही तोंडं उघडी. सगळ्या खोलीवर पोचल्या की वरून पितळेचं एक वजन तारेवर अडकवून सोडतात. त्याला मेसेंजर म्हणतात. तो मिनिटाला साधारण २०० मीटर वेगाने घसरत जातो, पहिल्या बाटलीवर आपटतो, तिची झाकणं मिटतात आणि तिच्या खाली टांगलेला दुसरा मेसेंजर सुटून पुढच्या बाटलीकडे निघतो.

तेव्हा तारेवर हात ठेवायचा. तळहात उघडा, बोटं सैल. विंच, म्हणजे तार सोडायचं-गुंडाळायचं यंत्र, बंद, सगळे गप्प. थोड्या वेळाने तारेतून एक बारीक ठोका हाताला लागतो. एक. मग बराच वेळ काही नाही. मग आणखी पुसट, दोन. मोठ्या खोलीवरचा शेवटचा ठोका कधी लागतो, कधी लागल्याचा भास होतो. मी डोळे मिटून मोजायचो. हजार मीटर खाली, जिथे कधी ऊन पोचलं नाही, तिथे एक झाकण मिटलं आणि ते माझ्या तळहाताला कळलं. याचं अप्रूप मला शेवटपर्यंत वाटत राहिलं. आता बहुतेक जहाजांवर बाटल्यांचं गोल कडं असतं आणि वरून बटण दाबलं की हवी ती बाटली बंद होते. काम चोख होतं. तरी संधी मिळाली तर एकदा तारेवर हात ठेवून बघ.

शीड कशाला, याचं उत्तर आता थोडक्यात देता येईल. डिझेल वाचतं, त्यामुळे लांबच्या फेऱ्या परवडतात. इंजिन बंद असलं की पाण्यातला माईक देवमाशांचे आवाज स्वच्छ पकडतो. जनरेटरची घरघर उरतेच, पण जहाज ढकलणाऱ्या पाण्यातल्या पंख्याचा गोंधळ जातो. हवेचे नमुने घेताना स्वतःचाच धूर नळीत शिरण्याची भीती कमी होते. शिवाय शिडात वारा भरलेला असला की जहाज एका अंगावर कलतं आणि तसंच टेकून राहतं, नुसत्या इंजिनाच्या छोट्या जहाजासारखं इकडून तिकडे लोळत नाही. कललेल्या टेबलाची सवय होते. टेबलाला कडा असतात, सूक्ष्मदर्शक पट्ट्याने बांधलेला असतो. शेगडी मधोमध झुलती टांगलेली असते, भांडं आपोआप सरळ राहतं.

उणिवाही आहेत. शास्त्रज्ञांना मंगळवारी सकाळी दहाला एका जागी पोचायचं असतं आणि वारा नेमका तिथूनच तोंडावर येत असतो. मग इंजिन लावावंच लागतं. जड विंच बसवायला जागा नसते. माणसं थोडी नेता येतात. समुद्रतळात नळी खुपसून गाळाचे लांब गाभे काढण्याचं, भूकंपलहरींचं मोठं काम अशा जहाजावर होत नाही. आपल्याकडे गवेषणी आली १९७६ मध्ये आणि सागर कन्या १९८३ मध्ये. दोन्ही इंजिनाची जहाजं. खुल्या अरबी समुद्रात पावसाळ्यात काम करायचं तर तसंच जहाज हवं, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

जहाजांची आयुष्यं तर माणसांसारखी वळणं घेतात. वेमा हे तीन डोलकाठ्यांचं जहाज १९२३ मध्ये एका अमेरिकन श्रीमंताची विहारनौका म्हणून बांधलं गेलं, आणि १९५३ मध्ये न्यूयॉर्कजवळच्या लामाँट वेधशाळेच्या मॉरिस युइंग यांच्या हाती आलं. संशोधनाच्या काळात ते मुख्यतः इंजिनावरच चाललं. पण त्याचा नेम शिडाच्या जहाजाचाच होता: जिथे असू तिथे रोज एकदा थांबायचं आणि समुद्रतळातला गाळाचा एक गाभा नळीने वर काढायचा. त्या दिवशी तिथे काही खास आहे की नाही, हे विचारायचं नाही. १९८१ मध्ये निवृत्त होईपर्यंत ते दहा लाखांहून अधिक सागरी मैल फिरलं. पश्चिम पॅसिफिकमधून काढलेला एक गाभा व्ही २८-२३८ या नावाने ओळखला जातो, म्हणजे वेमाची २८ वी फेरी, २३८ वा गाभा. १९७३ मध्ये त्याच्यावरून हिमयुगांचं वेळापत्रक बसवलं गेलं. आणि एक सांगतो, तू मुलगी आहेस म्हणून. वेमावर तेव्हा बायकांना घेत नसत. अटलांटिससारख्या दुसऱ्या जहाजांनी आणलेल्या खोलीच्या आकड्यांवरून समुद्रतळाचे नकाशे काढून अटलांटिकच्या मधल्या डोंगररांगेतली दरी ओळखली ती मेरी थार्प यांनी, जमिनीवर टेबलाशी बसून.

हे अटलांटिस वुड्स होलच्याच समुद्रविज्ञान संस्थेचं जहाज, १९३१ ते १९६६. २९९ फेऱ्या करून ते अर्जेंटिनाला गेलं. नासाच्या अंतराळयानाला त्याचंच नाव दिलं होतं. आजच्या काळातलं म्हणायचं तर फ्रान्सचं तारा. ३६ मीटर लांबीचं, ॲल्युमिनियमचं, १९८९ मध्ये बांधलेलं. तळ गोलसर, म्हणजे बर्फाने दोन्हीकडून दाबलं तर चिरडण्याऐवजी वर उचललं जावं. २००६ ते २००८ मध्ये ते मुद्दाम आर्क्टिकच्या बर्फात गोठून ५०७ दिवस वाहत गेलं. २००९ पासून जगभर फिरून २१० ठिकाणांहून प्लवकांचे, म्हणजे पाण्याबरोबर वाहणाऱ्या बारीक जीवांचे, सुमारे ३५,००० नमुने गोळा केले, आणि त्यांतल्या सूक्ष्मजीवांमधून जवळपास चार कोटी जनुकांची यादी तयार झाली.

डागडुजीवर मी पुस्तक लिहू शकेन, इथे थोडंच लिहितो. जहाजावर नमुने गोळा करायला जितके तास जातात, त्याहून जास्त घासणं, रंगवणं, शिवणं यात जातात. गंज, तळाला चिकटणारे शंख, पंप हे सगळ्याच जहाजांना आहे. शिडाच्या जहाजाचा खास शत्रू म्हणजे घास. जिथे दोर शिडाला लागतो, शीड तारेला लागतं, तिथे दर लाटेला एक घासा. दिवसात हजारो. म्हणून तिथे चामडं शिवायचं किंवा जुन्या दोराचे धागे पिंजून झुपके बांधायचे. ऊन दुसरा शत्रू. शिडाच्या कापडाआधी शिवणीचा धागा मरतो. वरून धड दिसतं, नखाने उचकटला की तुटतो. तळव्याला चामड्याची पट्टी बांधून तिकोनी सुईने ते पुन्हा शिवायचं.

एकदा सुट्टीवर येताना टाकून दिलेल्या शिडाचा हातभर तुकडा घरी आणला होता. पॉलिस्टरचं, कडक, पापडासारखं वाजणारं कापड. वडिलांनी चष्मा कपाळावर चढवला, कडेचे धागे उसवले, एक उभा एक आडवा काढून दोन्ही हातांत ताणून पाहिले आणि म्हणाले, "ह्यो ताणा नागमोडी हाय, बाणा सरळ हाय. जोर बाण्यावर ठिवलाय. कापड आडवं लावत्यात का रं?" मी थक्क झालो. तसंच आहे. आपल्याकडे मागावर सगळा ताण ताण्याला, म्हणजे उभ्या धाग्याला, सोसावा लागतो. पण त्या कापडात बाणा, म्हणजे आडवा धागा, सरळ बसवतात आणि ताणा त्याच्यावरून वळसे घेत जातो. सरळ धागा कमी ताणतो. म्हणून शिडाच्या पट्ट्या आडव्या जोडतात, म्हणजे बाणा मागच्या मोकळ्या कडेशी समांतर येतो. वाऱ्याचा जोर तिथेच सर्वात जास्त असतो. त्याच कापडाला तिरपं ओढलं तर मात्र ते लगेच लांबतं आणि शिडाचा आकार बिघडतो. वडिलांनी उभ्या आयुष्यात समुद्र पाहिला नव्हता. बोटांनी पाच मिनिटांत जे ओळखलं, ते शिकायला मला तीन वर्षं लागली होती.

म्हणून तुझ्या शेवटच्या प्रश्नाला मी मनापासून हो म्हणतो. सोलापूरकर तिथे कमी पडत नाही. चार-पाच दिवसांनी नळाला येणारं पाणी जपून वापरत वाढलेल्या माणसाला जहाजावरच्या गोड्या पाण्याची शिस्त शिकवावी लागत नाही. कडक भाकरी तर खलाशांच्या बिस्किटाची सख्खी बहीण आहे, महिनाभर टिकते. शेंगाचटणीचा डबा मी दर फेरीला न्यायचो. पहाटे चारला वॉच बदलताना तो फिरायचा आणि पंधरा दिवसांत रिकामा व्हायचा. बोटीची उलटी बहुतेकांना होते, बहुतेकांची दोन-तीन दिवसांत थांबते.

वाटा दोन आहेत. विज्ञानाच्या बाजूने जायचं तर बी.एस्सी. नंतर गोवा विद्यापीठात किंवा कोचीच्या विज्ञान-तंत्रज्ञान विद्यापीठात सागरविज्ञानाचं एम.एस्सी. करता येतं. गोव्यातली राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था १ जानेवारी १९६६ ला सुरू झाली, ती आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहिमेतूनच. तिथल्या प्रकल्पांतून मुलांना जहाजावर जायला मिळतं. आणि हैदराबादची समुद्र-माहितीसेवेची संस्था आपल्यापासून जेमतेम तीनशे किलोमीटरवर आहे. तिलाही समुद्र नाही, तरी अरबी समुद्रात दर दहा दिवसांनी २,००० मीटर खाली जाऊन वर येणाऱ्या तरंगकांचे आकडे तिथे येतात. दुसरी वाट खलाशाची: दहावी-बारावीनंतरचं प्रशिक्षण, मग सीडीसी, म्हणजे खलाशाचं नोंदणी-पुस्तक, मग मालवाहू जहाज. माझी तीच. तुझं शिक्षण पाहता पहिली वाट धर, पण गाठी, दोर, सुई हे हाताला शिकव. शिडाचा अनुभव आपल्याकडे मुख्यतः नौदलात मिळतो. गोव्यात बांधलेली तारिणी २०१७-१८ मध्ये लेफ्टनंट कमांडर वर्तिका जोशी यांच्या नेतृत्वाखाली सहा महिला अधिकाऱ्यांनी जगाभोवती नेली. त्या प्रवासात रोज हवामानाच्या आणि लाटांच्या नोंदी घेऊन हवामान खात्यासाठी पाठवायचं कामही त्यांच्याकडे होतं.

यातलं काहीही सुरू व्हायची वाट न बघता या रविवारी एक काम करता येईल. २० सेंटीमीटर व्यासाची पत्र्याची किंवा ॲक्रिलिकची तबकडी कापून घे. तळ्यासाठी तिचे चार भाग कर, आळीपाळीने काळा आणि पांढरा रंग दे. मधोमध भोक, खाली वजन, वर न ताणणारा दोर. दोरावर दर दहा सेंटीमीटरला पक्की खूण. ही सेकी तबकडी, पाणी किती नितळ आहे ते मोजायची. १८६५ मध्ये आंजेलो सेकी यांनी पोपच्या जहाजावरून भूमध्य समुद्रात तिच्या चाचण्या केल्या आणि आजही ती जगभर वापरतात. हिप्परग्याच्या किंवा सिद्धेश्वर तलावाच्या काठावर, पाणी पुरेसं खोल असेल आणि तुला सुरक्षित उभं राहता येईल अशी एक जागा ठरव. कुणाला तरी सोबत ने. सकाळी दहा ते दुपारी दोन या वेळात, सावलीच्या बाजूने तबकडी सोड. दिसेनाशी झाली ती खोली लिही, वर ओढताना पुन्हा दिसली ती लिही, दोन्हींची सरासरी काढ. पुढच्या रविवारी तीच जागा, तीच वेळ, तोच दोर. जून ते पुढचा जून. सप्टेंबरच्या मोठ्या पावसानंतर आकडा कसा पडतो, आणि जानेवारीतल्या गड्ड्याच्या यात्रेपर्यंत गाळ बसून पाणी पुन्हा निवळतं का, ते मला खरोखर बघायचंय. एखादा रविवार चुकला तर तिथे 'घेतलं नाही' एवढंच लिही.

वही बांधीव घे, सुट्ट्या कागदांची नको. पेन पाण्याने न पसरणारं. पहिल्या पानावर जागा, तबकडीचं माप, दोर कधी मोजला ती तारीख आणि तुझं नाव.